ताऊंची सारंगी आणि त्यांची सून

निवृत्तीनंतरच्या पहिल्याच हिवाळ्यात मी नवऱ्याबरोबर पानिपतला चादरी घ्यायला गेले आणि सारंगी शिकायचं ठरवून परत आले. मुलगी अजून हसते. "आणि चादरी दुकानातच विसरून आलीस, ते नाही सांगत कुणाला," म्हणते. तेही खरंच आहे.

पानिपतला चादरी-ब्लँकेटं स्वस्त मिळतात म्हणून द्वारकेतली निम्मी सोसायटी तिकडे जाते. आम्हीही गेलो. दुकानदार गठ्ठ्यावर गठ्ठे उलगडत होता, नवरा प्रत्येक चादरीचं कापड चिमटीत धरून बघत होता, आणि मी कंटाळून बाहेर उन्हात येऊन उभी राहिले. समोर दुकानाचं गोदाम होतं. गोदामाच्या दाराशी वेताच्या बुटक्या मुढ्यावर एक म्हातारे चौकीदार बसलेले. खाकी स्वेटर, डोक्याला मफलर, मांडीवर आडवी काठी. ते स्वतःशीच काहीतरी गुणगुणत होते आणि त्यांच्या डाव्या हाताची बोटं काठीवर चालत होती.

ताल धरणारी बोटं वेगळी असतात. ही बोटं काठीवर वर-खाली सरकत होती, एका जागी थांबून थरथरत होती, पुन्हा घसरत होती. आणि काठीला बोटांची टोकं लागत नव्हती, नखांच्या मुळाशी असलेला भाग टेकत होता. मी लहानपणी व्हायोलिन शिकले होते. तारेवरचा हात मला कळतो.

तिकडे वडीलधाऱ्या माणसाला ताऊ म्हणतात. मी जवळ जाऊन हिंदीत विचारलं, "ताऊ, क्या बजाते हो?"

त्यांनी मूठ एकदम मिटली. चोरी पकडल्यासारखे हसले. "बजाया करता, बेटी. इब तो चौकीदार सूं." वाजवायचो, आता चौकीदार आहे.

व्हायोलिनचं थोडं सांगायला हवं. वडील वर्ध्याला पोस्टात होते आणि जयंतीच्या गायन पार्टीत पेटी वाजवायचे. एकदा कुणाच्या तरी घरातलं जुनं व्हायोलिन त्यांना मिळालं आणि त्यांनी मला ते शिकायला बसवलं. मी पार्टीत गाण्यांच्या मागे वाजवायची. नोकरी लागून दिल्लीला आले तेव्हा व्हायोलिनची पेटीही सोबत आली. सरोजिनी नगरच्या क्वार्टरमध्ये ती बावीस वर्षं पलंगाखाली राहिली, मग द्वारकेच्या फ्लॅटमध्ये लॉफ्टवर गेली. निवृत्तीच्या आठवड्यात मी ती खाली काढली. तारांवर फिरवायच्या गजाचे केस किडींनी खाल्ले होते. ते नवीन बसवून घेतले आणि रोज सकाळी तासभर वाजवायला लागले. वाजायचं बरं, पण शाळेतल्या कवितेसारखं. ते मला ऐकू येत होतं.

ताऊ मला विचारत होते, कुठून आलात. मी म्हटलं, महाराष्ट्रातली आहे. ते मुढ्यावरून अर्धे उठलेच. आपण जोगी आहोत, म्हणाले. बाप-आजा सारंगी घेऊन गावोगाव गात फिरायचे, आणि त्यांच्या गाण्यांत इथल्या लढाईचंही एक लांबलचक गाणं होतं. इतक्या लांबून येऊन इथे मेलेल्या माणसांसाठी आजोबा गाता गाता रडायचे. मला हसूही आलं आणि भरूनही आलं. आमच्या घरातलं कुणी त्या लढाईत असलंच, तर घोड्यांना पाणी पाजणाऱ्यांत असणार. तसं मी त्यांना सांगितलं. ते म्हणाले, "उनका भी गाणा सै. घोड़े आळे का भी." त्यांचंही गाणं आहे, घोडेवाल्यांचंही.

एवढ्यावर मी विचारलं, सारंगी कुठे आहे? घरी, खुंटीवर. घर कुठे? मागच्या गल्लीत. दुपारच्या जेवणाची सुट्टी झाल्यावर आम्ही दोघं त्यांच्या मागे गेलो. चादरी दुकानातच राहिल्या.

दोन खोल्यांचं घर होतं. सून चुलीपाशी होती. आम्हाला बघून तिने ओढणी कपाळाखाली ओढली. भिंतीवर एका जुन्या चादरीत गुंडाळलेली सारंगी लटकत होती. ताऊंनी ती उतरवली, कापड सोडलं. लहानशी, काळपट, पोटावरचं कातडं एका बाजूने फाटलेलं. आतड्याच्या तीन जाड तारांपैकी मधली तुटून वेटोळं झालेली. "चूह्यां का काम सै," ताऊ म्हणाले. उंदरांचं काम.

तेवढ्यात त्यांचा मुलगा जेवायला आला. ब्लँकेटच्या कारखान्यात काम करणारा, चाळिशीचा, शांत माणूस. मी उत्साहाने म्हटलं, की मी सारंगी दिल्लीला नेऊन दुरुस्त करून आणते, एवढी कला अशी भिंतीवर टांगून ठेवायची नसते वगैरे. त्याने ऐकून घेतलं. मग म्हणाला, "मॅडम, आप कला कहती हो. गली वाले भीख कहते थे. मैं स्कूल में था तो बच्चे मुझे देखकर कटोरा दिखाते थे."

 आमच्याकडे आजोबा डफडं वाजवायचे. गावात कुणाची मयत झाली, कुणाचं लग्न निघालं, की त्यांना पुढे चालत वाजवावं लागे. आवडो न आवडो. धर्म बदलला त्या वर्षी त्यांनी ते डफडं सोडलं आणि पुन्हा हातात घेतलं नाही. आमच्या घरात या गोष्टीचा अभिमान आहे. वडील ती सांगताना ताठ बसायचे. मग या माणसाला मी कोणत्या तोंडाने सांगणार होते, की बाबा रे, परंपरा टिकव?

"आप सही कहते हो," मी त्याला म्हटलं आणि उठले. पण ताऊंनी सारंगी पुन्हा गुंडाळली नव्हती. ती त्यांनी माझ्या हातात दिली. "ले जा. ठीक करा ला. बजाऊंगा कोनी, बस देख ल्यूंगा." वाजवणार नाही, नुसती बघेन.

जुन्या दिल्लीत वाद्यं दुरुस्त करणाऱ्या एका म्हाताऱ्या कारागिराने तीन आठवडे घेतले. नवीन कातडं चढवलं, तारा बसवल्या, तारांखालची घोडी घासून सारखी केली. तो म्हणाला, अशी गावठी सारंगी हल्ली दुरुस्तीला येतच नाही, आली तर दिवाणखान्यात टांगायला येते. मी ती घेऊन ट्रेनने पानिपतला गेले. ताऊंनी ती मांडीवर उभी धरली, गजाला राळ लावली आणि नुसता एक स्वर लावला. लांब. मग डोळे पुसले आणि मला म्हणाले, "बैठ. तन्नै सिखाऊं."

तेव्हापासून मी एक रविवार आड पानिपतला जायला लागले. सकाळची ट्रेन, दुपारी परत. नवरा सुरुवातीला सोबत यायचा, मग म्हणाला, "अगं, तू जा, मी घरी क्रिकेट बघतो." शिकणं सोपं नव्हतं. व्हायोलिनला बोटाचं टोक तारेवर दाबायचं, इथे नखाचं मूळ तारेला बाजूने टेकवायचं. पहिल्या महिन्यात माझी चारही नखं सुजली. त्याहून वाईट गज. मी तो सरळ, मोजून ओढायची. ताऊ डोकं हलवायचे. "गज हाथ तै कोनी चालता, बेटी. साँस तै चाल्लै सै." गज हाताने नाही, श्वासाने चालतो. मी वहीत स्वरलिपी लिहायची, मोबाईलवर सगळं रेकॉर्ड करायची. वही भरत गेली. वाजवणं मात्र शाळेच्या कवितेपलीकडे जाईना.

आयर्लंडची एक बाई याच काळात भेटली. आमच्या शेजारच्या टॉवरमध्ये राहायची, विमानतळाजवळच्या एका कंपनीत कर्मचाऱ्यांना शिकवायची. एका सकाळी मी बाल्कनीत व्हायोलिन वाजवत होते, तर समोरच्या बाल्कनीतून दुसरं व्हायोलिन वाजायला लागलं. भराभर, उड्या मारत. मी थांबले तर तीही थांबली आणि हात हलवला. खाली पार्कात भेटलो तेव्हा म्हणाली, हे व्हायोलिन नाही, फिडल आहे. मी म्हटलं, दिसतं तर तसंच. म्हणाली, "दिसतं तसंच. पण हे स्वयंपाकघरात वाजतं."

तिचे आजोबा शेतकरी होते आणि फिडल वाजवायचे. तिच्या वडिलांच्या पिढीला त्याची लाज वाटायची. शहरात गेलेल्या माणसांना खेड्यातल्या गोष्टीची वाटते तशी. आजोबांची फिडलही वर्षानुवर्षं भिंतीवर होती. मी लगेच विचारलं, मग पुन्हा सुरू कसं झालं? कुणी संस्था काढली? रेकॉर्डिंग केलं?

"तेही झालं," ती म्हणाली. "पण माझ्या आईने ऐकलं ते शेजारच्या बाईच्या स्वयंपाकघरात. लोक जमायचे, चहा व्हायचा, कुणीतरी वाजवायचं, कुणीतरी नाचायचं. वाजवणाऱ्याला पाहुणा म्हणून बोलवायचे. तेवढंच बदललं. आधी तो दारात उभा असायचा, मग खुर्चीत बसायला लागला."

ते माझ्या डोक्यात राहिलं. मी ताऊंना आणि घरच्यांना आमच्या सोसायटीत जेवायला बोलावलं. कार्यक्रम नाही, जेवायला. आणि जेवणाआधी पार्कातल्या छत्रीखाली थोडं वाजवणं. सोसायटीच्या सेक्रेटरींनी "मॅडम, परमिशन?" असं विचारलं. मी म्हटलं, माझे पाहुणे आहेत, पार्कात बसणार आहेत. त्यांनी मान डोलावली आणि त्या दिवशी स्वतःच पहिल्या खुर्चीत येऊन बसले.

जानेवारीचा रविवार, अकरा वाजताचं ऊन. नवऱ्याने फ्लास्कमध्ये चहा आणला, शेंगदाण्याची गजक आणली. चाळीस-एक लोक गोळा झाले. पोरं झोके सोडून आली. ताऊ, मुलगा आणि सून ट्रेनने आणि पुढे मेट्रोने आले होते. ताऊंनी पांढरा फेटा बांधला होता. मुलगा जरा अवघडून शेवटच्या ओळीत उभा होता. मी खुर्ची दिली तर बसला. सून सासऱ्याच्या मागे खाली सतरंजीवर, चेहऱ्यावर ओढणी.

आधी आयरिश बाईने वाजवलं. मुलं नाचली. मग ताऊंनी सारंगी घेतली. त्यांनी एका राजाचं लांब गाणं सुरू केलं, तो राज्य सोडून जोगी होतो त्याचं. आवाज म्हातारा होता, पण सारंगी त्याला धरून होती. तिसऱ्या की चौथ्या कडव्याला ते थांबले. गज चालू, आवाज नाही. त्यांनी तीच ओळ पुन्हा घेतली आणि पुन्हा तिथेच अडले. कडवं आठवत नव्हतं. माझ्या मोबाईलवर ते होतं, वहीत होतं. मी घाईघाईने पर्स उघडली, पण चष्मा सापडेना. लोक चुळबुळ करायला लागले. ताऊंनी तीच ओळ तिसऱ्यांदा घेतली.

आणि मागून आवाज आला. बारीक, पण नेमका सुरात. ओढणीच्या आतून सून पुढची ओळ म्हणत होती. ताऊंनी ती ओळ वाजवली. तिने पुढची म्हटली. तीही वाजवली. अख्खं कडवं झालं, मग पुढचं. कुणी हललं नाही. गाणं संपेपर्यंत ती गात राहिली आणि ते वाजवत राहिले. शेवटी ताऊ मागे वळले.

"तन्नै कित तै आवै सै?" तुला हे कुठून येतं?

ती खाली बघत म्हणाली, "रोटी पोवते सुण्या करती, बापू." पोळ्या करता करता ऐकायचे.

मी शेवटच्या ओळीकडे पाहिलं. मुलगा बायकोकडे बघत होता. कारखान्यातला सहकारी अचानक परकी भाषा बोलायला लागावा तसा. जेवताना त्याने तिला एकदाच विचारलं, "सारा याद सै?" ती म्हणाली, "सारा." मग त्याने तिच्या ताटात आणखी एक पुरी वाढली. आम्हा बायकांच्या नजरेतून ते सुटलं नाही.

जेवणानंतर ती माझ्याबरोबर भांडी आवरायला स्वयंपाकघरात आली. ओढणी मागे केलेली. मी पहिल्यांदाच तिचा चेहरा नीट पाहिला. गाल खळ्यांचे, डोळे धीट. ताऊ मला बेटी म्हणायचे, म्हणून मी तिची नणंद झाले होते, आणि ती मला जीजी म्हणायची. म्हणाली, "जीजी, एक बात बताऊं? बापू तै मत कहियो."

मधली तार उंदरांनी तोडली नव्हती. सासरा चौकीदारीला गेला आणि नवरा कारखान्यात गेला, की ती दार लावून सारंगी उतरवायची आणि वाजवून बघायची. तीन वर्षं. एक दिवस तार ताणायची खुंटी जास्त पिळली गेली आणि तार तुटली. तेव्हापासून भिंतीवरच्या सारंगीकडे बघायचं धाडस झालं नव्हतं. मी चादरी घ्यायला आले आणि सारंगी घेऊन गेले, त्या दिवशी ती चुलीपाशी घाबरून उभी होती, की कारागिराला कळेल.

मी हातातलं पातेलं खाली ठेवलं. मी दर पंधरा दिवसांनी वही घेऊन जायची, ताऊ मला शिकवायचे, आणि हे सगळं येणारी बाई मागे पोळ्या लाटत असायची. मला स्वतःची लाज वाटली. "मैं बापू से कहूँगी," मी म्हटलं. "तार का नहीं. सिखाने का."

पुढच्या वेळी पानिपतला गेल्यावर मी ताऊंना विचारलं, सुनेला का शिकवत नाही? त्यांनी दाढी खाजवली. मग म्हणाले, जोग्यांच्या बायका सारंगी धरत नाहीत. मी म्हटलं, मी पण बाईच आहे. "तू दिल्ली की सै," ते म्हणाले. मी म्हटलं, मी वर्ध्याची आहे, आणि तिच्याइतकं मला दहा वर्षांनीही येणार नाही. हे बहुधा त्यांना पटलं, कारण ते हसले.  मुलगा बाजूला बसून बूट पॉलिश करत होता. तो मान वर न करता म्हणाला, "सिखा दो, बापू. पर यो दर-दर कोनी जावैगी." शिकवा, पण ही दारोदार जाणार नाही.

दारातून सूनच बोलली. तिचा आवाज आता ओढणीच्या बाहेर होता. "कोनी जाऊं. जिसनै सुणना सै, ओ आवै." मी कुठे जाणार नाही, ज्याला ऐकायचंय त्याने यावं.

पंधरा दिवसांनी मी पोचले तेव्हा ती मुढ्यावर बसलेली होती, मांडीवर सारंगी. ताऊ समोर खाटेवर बसून तिला रागवत होते. मला "आ गी बेटी?" म्हणाले आणि पुन्हा तिच्याकडे वळले. त्या दिवशी माझी शिकवणी झालीच नाही. मी परतीच्या गाडीत जरा खट्टू होते, खोटं कशाला बोलू. शिकायची संधी आपण दुसऱ्याला मिळवून द्यावी आणि ती खरंच त्याला मिळावी, हे ऐकायला छान असतं. बाकावर बसून सोसायला थोडा वेळ लागतो. सोनिपत येईपर्यंत मी तिचं वाजवणं मनात ऐकत होते. गज श्वासाने चालणं म्हणजे काय, ते मला त्या दिवशी पहिल्यांदा दिसलं होतं. मग बरं वाटायला लागलं.

या गोष्टीला आता तीन वर्षं झाली. आयरिश बाईची बदली झाली, पण जाण्याआधी तिने आणि सुनेने मिळून आमच्या पार्कात एक सकाळ वाजवलं. एकीची धून दुसरीने उचलायची, दुसरीची पहिलीने. दोघींना एकमेकींचं बोलणं कळत नव्हतं आणि अडलंही नाही. पानिपतला महिन्यातून एकदा त्यांच्या अंगणात लोक जमतात. गल्लीतले, कारखान्यातले, मुलाचे सहकारी सुद्धा. मुलगाच खुर्च्या मांडतो. शेजारच्या दोन मुली शिकायला येतात. सून त्यांना सासऱ्यासारखीच ओरडते. माझी वही तिने एकदा उलटून पाहिली, छान अक्षर आहे म्हणाली, आणि परत दिली.

ताऊंचे हात आता फार थरथरतात. त्यांनी चौकीदारी सोडली. ते खाटेवर पडून ऐकतात आणि चुकलं की काठी जमिनीवर आपटतात. मी अजून जाते. मला सारंगीवर एक स्वर लांब धरून ठेवायचं काम दिलेलं आहे. सून त्यावर गाते. गेल्या रविवारी मला राहवलं नाही आणि मी तिच्याबरोबर एक ओळ गुणगुणायला लागले. काठी आपटली.

"बेटी," ताऊ म्हणाले, "तू बजा ले. गावै मत."

सगळं अंगण हसलं. मी पण हसले आणि माझा स्वर धरून बसले.